बाबांचं नख

आमच्या घरात हिब्रू अशी कुणालाच येत नव्हती. बाबा प्रार्थनेचं पुस्तक उघडून वाचत, पण बोट मात्र खालच्या मराठी ओळीवर फिरत असे. आईला शेमाची प्रार्थना आणि चारदोन बराखा, म्हणजे आशीर्वचनं, तोंडपाठ; त्यांचा अर्थ तिला विचारला की ती म्हणे, "देवाला कळतो ना, मग झालं." तरी एक शब्द आमच्याकडे मीठतिखटासारखा रोज वापरात होता. काशेर. गळा नीट कापलेली कोंबडी काशेर. फोडलेल्या अंड्यात रक्ताचा ठिपका दिसला की ते अंडं काशेर नाही, आई ते वाटीसकट बाहेर नेऊन कुत्र्यासमोर ओती. काळ्या मनुका भिजवून केलेलं शब्बाथचं शरबत काशेर. दाराच्या चौकटीवरच्या चर्मपत्रातलं एक अक्षर पावसाळी दमटपणानं पुसलं, तर ते चर्मपत्र काशेर राहिलं नाही म्हणून बाबांनी ते काढून मुंबईला पाठवलं. लग्नाच्या कागदावर सही करणारे साक्षीदार काशेर लागत. मुलगी बघायला येणारे लोक घर काशेर आहे का, हे आडून आडून विचारत, म्हणजे आजापणजा कोण, ते. आणि आमच्याकडे बोकड घेऊन येणारे रहीमचाचा दारातून परत गेले की आई हमखास म्हणे, "माणूस काशेर आहे हो." मी एकदा बाबांना विचारलं, एवढ्या सगळ्यांना एकच शब्द कसा चालतो? ते म्हणाले, "काशेर म्हणजे लायक. जी वस्तू ज्या कामाची, त्या कामाला ती लायक पाहिजे. मग अंडं असो की माणूस."

त्या उत्तरानं माझं तेव्हा समाधान झालं होतं. पुढे मात्र मला त्या शब्दाची भीती बसली ती कायमची. आजही कुणाच्या लग्नात, कुणाच्या जेवणात तो कानावर आला की माझ्या उजव्या हाताची तर्जनी आपोआप मुठीत जाते. माझ्या मुलांना वाटतं ही संधिवाताची सवय आहे. मी त्यांना तसं वाटू दिलं आहे.

बाबा वाशीमच्या स्टेशनात मालधक्क्यावर क्लार्क होते. आम्ही रेल्वेच्या क्वार्टरमध्ये राहत असू. दोन खोल्या, मागे पडवी, पडवीपुढे अंगण आणि अंगणाच्या टोकाला आड. हंगामात धक्क्यावर रुईच्या गाठींची थप्पी लागे आणि कापसाची पांढरी म्हातारी उडत उडत आमच्या वरणात पडे. आमची मूळ माणसं कुलाब्याकडची. आईला नारळाशिवाय स्वयंपाक सुचत नसे आणि इथे नारळ मिळे तो देवळापुढच्या दुकानात, तोही खवट. ती सुकं खोबरं रात्रभर गरम पाण्यात ठेवून त्याचं दूध काढी आणि ते काढताना वाशीमला नावं ठेवी. मी मात्र वाशीमचीच झाले होते. शाळेतून घरी येऊन "मले भूक लागली, जेवाले दे" म्हटलं की आईचा पळीसकट हात थांबे. "मले नाही. मला. आणि जेवाले काय? उद्या पाव्हण्यांसमोर असं बोललीस तर माझं नाक कापलं जाईल." मी म्हणे, "कायले कापतीन ते नाक?" आणि रिबकाताई तोंडावर पदर धरून हसे. ताई माझ्याहून सहा वर्षांनी मोठी. तिचं हसणं मला अजून ऐकू येतं, कारण पुढे ते फारसं ऐकायला मिळालं नाही.

त्या सगळ्या मुलखात आमच्या यहुदी लोकांची घरं तीन. आम्ही, रिसोडच्या दवाखान्यातले कंपौंडर आणि मालेगावचे एक फौजदार. या तिन्ही घरांना मांस पुरवण्याचा परवाना बाबांकडे होता. मुंबईत महिनाभर राहून ते शोहेतचं, म्हणजे धर्माच्या रीतीनं जनावर कापायचं, काम शिकून आले होते, तिथल्या गुरुजींची सही असलेला कागद चौकटीत घालून भिंतीला लावला होता. त्यांची सुरी लाकडी पेटीत, लाल फडक्यात. तिला टोक नसतं, धार मात्र अशी लागते की केस टेकवावा आणि तुटावा. त्या सुरीनं दुसरं काहीही कापायचं नाही, दोरासुद्धा नाही. कापण्याआधी आणि कापल्यानंतर धार तपासायची. नखावर आणि बोटाच्या मांसल भागावर, दोन्ही अंगांनी, अगदी हळू, बारा वेळा. केसाएवढी खाच जरी नखाला अडकली तरी जनावर तरेफा. खायचं नाही. बोकडाला ओढ बसली, त्याला जास्तीचं दुखलं, एवढंच त्याचं कारण, असं बाबा सांगत. हे सांगताना त्यांचा आवाज खाली येई.

आता जे लिहायचं आहे ते आमच्या घराबाहेर कधी गेलेलं नाही. एका संध्याकाळी बाबा कंदील साफ करत होते. काच तापलेली होती आणि त्यांनी ती हातात तशीच धरून ठेवली, बोलत राहिले. वास आला तेव्हा आई धावली. बोटांची कातडी काचेला चिकटली होती आणि बाबा तिच्याकडे बघून विचारत होते, "काय झालं?" मग आईनं सुई आणली. उजवा हात, डावा हात, एकेक बोट. बाबा मान दुसरीकडे करून बसले होते आणि आई टोचत होती आणि ते म्हणत होते, "टोच की." ती टोचतच होती. ताई तेव्हा शेजारी गेली होती, तिला हात भाजला एवढंच सांगितलं.

बोटांना कळत नाही म्हणजे काय, हे त्या काळी लहान मुलालाही ठाऊक होतं. स्टेशनाबाहेर चिंचेखाली बसणारी माणसं आम्ही रोज बघत होतो, त्यांच्या थाळीत पैसा वरून टाकायचा, हात लावायचा नाही. तो रोगाचा शब्द आमच्या घरात कुणी उच्चारला नाही. आईनं बाबांचा पेला वेगळा केला नाही, पण माझा आणि ताईचा पेला ती दोनदा घासू लागली. हे बाहेर कळलं असतं तर नोकरी गेली असती, क्वार्टर गेलं असतं आणि ताईला कुणी दारात उभं केलं नसतं. बऱ्याच वर्षांनी मुंबईच्या एका डॉक्टरनं बाबांची लघवी तपासून सांगितलं की हा साखरेचा रोग आहे, त्यात बोटं अशी मरतात. आई दवाखान्याच्या पायरीवर बसून मोठ्यानं रडली. पण तोवर व्हायचं ते होऊन गेलं होतं.

बोटं मेली तशी धार तपासणंही संपलं. परवाना परत करायचा तर कारण सांगावं लागणार. बाबांनी आठवडाभर विचार केला आणि मला पडवीत बोलावलं. मी तेरा वर्षांची होते. त्यांनी सुरी आडवी धरली, माझं बोट धरून धारेवर टेकवलं आणि हळूहळू सरकवायला शिकवलं. मी घाबरून म्हटलं, "बाबा, मी मुलगी आहे. माझं चालंल?" ते म्हणाले, "लग्नाच्या कागदावर तुझी सही नाही चालणार. पण खाण्याच्या गोष्टीत एकट्या बाईचा शब्द पुरतो. तू काशेर म्हणालीस की काशेर." तेव्हापासून अडीच वर्षं बाबांचं नख म्हणजे मी. रहीमचाचा अंगणात बोकड धरून उभे असत. बाबा त्यांच्याकडे पाठ करून पडवीत सुरी काढत, मी पेटी धरायच्या निमित्तानं जवळ उभी राही आणि नख फिरवी. बाबा माझ्या तोंडाकडे बघून हळूच विचारत, "काशेर?" मी म्हणे, "काशेर." मला त्याचा फार अभिमान होता. तीन घरांच्या ताटात माझा शब्द पडतो, असं मला वाटे.

ताईसाठी पुण्याचं स्थळ आलं. मुलगा पोस्टात होता. त्याचे वडील, एलियाजरकाका, पुण्याच्या सिनेगॉगमधले मोठे मानाचे गृहस्थ, स्वतः जुने शोहेत. मुलगा, काकू आणि काका अशी तिघं गुरुवारी सकाळच्या गाडीनं उतरली. शनिवारचा शब्बाथ आमच्याकडे करून रविवारी परत जायचं ठरलं होतं. काका उंच, पांढऱ्या दाढीचे, बोलायला गोड. उतरल्या उतरल्या मला म्हणाले, "काय गं, वाशीमची भाषा येते का तुला?" मी आईकडे बघितलं आणि म्हटलं, "नाही." सगळे हसले, कारण माझ्या त्या एका 'नाही'तसुद्धा वाशीम होतं. मुलानं ताईकडे बघितलं ते मी बघितलं. ताईनं आत येऊन मला चिमटा काढला. "कान बघितलेस का त्याचे? सुपाएवढे!" म्हणाली, पण तिचा चेहरा फुलला होता.

दुपारी जेवणं झाली, पाहुणे पुढच्या खोलीत आडवे झाले. आई आणि ताई विळी घेऊन शेजारच्या पडवीत भाजी चिरायला गेल्या. माझ्याकडे एक कवठ होतं, मैत्रिणीनं दिलेलं, दोन दिवस मी त्याचा वास घेत होते. फोडायचं तर दगडावर आपटायला हवं, आणि पाहुणे तर भिंतीपलीकडे घोरत होते. आवाज झाला तर आई जीव घेईल. एवढाच विचार माझ्या डोक्यात होता. दुसरा कुठलाही नव्हता. मी पेटी उघडली, सुरी काढली, कवठाच्या देठापाशी धार घातली आणि पिळली.

कट् असा बारीक आवाज आला. कवठ उकललं नाही. मी सुरी पुसून फडक्यात गुंडाळली, पेटी जागेवर ठेवली, कवठ आडापलीकडे भिरकावून दिलं. धारेवर नख फिरवून बघायची हिंमत मला झाली नाही. बघितलं नाही तर खाच पडलीच नसेल, असं काहीतरी मी मनाशी म्हणत राहिले. त्या रात्री आईनं दोनदा माझ्या कपाळाला हात लावून बघितला.

शुक्रवारी सकाळी रहीमचाचा आले. काका पुढच्या खोलीत तल्लीत, ती झालरीची शाल, पांघरून प्रार्थनेला बसले होते, त्यांचा आवाज पडवीपर्यंत येत होता. बाबांनी सुरी आडवी धरली. बुधवारीच त्यांनी तिला धार लावली होती आणि मी तपासली होती, तेव्हा ती आरशासारखी होती. मी नख टेकवलं आणि सरकवलं. मधोमध ते अडकलं. तिळाच्या टोकाएवढंही नसेल, पण अडकलं. परत सरकवलं, परत तिथेच.

अंगणातून रहीमचाचांनी हाक दिली, "काहून हो बाबूजी? पोरगी पांढरी पडून राह्यली ना आज. ताप-बिप तं नाही तिले?"

"झोप झाली नाही," बाबा म्हणाले. "पाव्हण्यांची गडबड."

"मंग झोपू द्या न तिले. पेटी मी धरतो."

"नको," बाबा चटकन म्हणाले. मग मला विचारलं, "काशेर?"

खाच आहे म्हटलं असतं तर बाबांनी विचारलं असतं, कशी पडली. सुरी परत लावायला तास गेला असता. काका बाहेर आले असते, सुरी हातात घेतली असती, कोण तपासतं विचारलं असतं. हे सगळं आज मी लिहिते आहे. तेव्हा मला फक्त कट् आवाज ऐकू येत होता.

"काशेर," मी म्हटलं.

बाबांनी बराखा म्हटला. एका ओढीत काम झालं. मग त्यांनी रीतीप्रमाणे सुरी परत माझ्यापुढे धरली आणि मी दुसऱ्यांदा तेच सांगितलं. पुढचा भाग आमच्याकडे राहिला, मागचा आम्हाला चालत नसे, तो चाचा दुकानात घेऊन गेले. जाताना ते माझ्याकडे बघून म्हणाले, "सिपू, आल्याचा काढा घे बेटा."

दुपारी आईनं खोबऱ्याच्या दुधातलं मटण केलं, कोथिंबीर, हिरवी मिरची, वर आंबटाला चिंच. एलियाजरकाकांनी तीनदा घेतलं. "पुण्यातही असं मिळत नाही," ते म्हणाले, आणि काकूंनी लटकं रागावून त्यांच्याकडे बघितलं. मुलगा मान खाली घालून जेवत होता, पण ताई वाढायला आली की त्याचा घास थांबत होता. मला प्रत्येक घास गिळताना नखावर ती खाच लागत होती. हात धुऊन सुपारी कातरता कातरता काका बाबांना म्हणाले, "सुरी बघू द्या की तुमची. जुनी खोड आहे माझी. दुसऱ्याची धार बघितल्याशिवाय चैन पडत नाही." यात परीक्षा नव्हती. एका कारागिरानं दुसऱ्याला दिलेला तो मान होता. बाबांचा चेहराही खुलला. त्यांनी स्वतः पेटी आणली.

काकांनी सुरी डाव्या हातात धरली, डोळे मिटले आणि उजव्या हाताचं नख फिरवलं. मधोमध ते थांबलं. ते मागे आले, परत गेले. मग डोळे उघडून त्यांनी सुरी उजेडाकडे केली. ते उठले, आडापाशी गेले आणि तोंडात बोटं घालून ओकण्याचा प्रयत्न करू लागले. एवढा मोठा माणूस ओणवा होऊन कण्हत होता. काकू त्यांच्या पाठीवर हात ठेवून रडत होत्या. त्या माणसानं जन्मात कधी तरेफा खाल्लं नव्हतं.

परत येऊन ते बसले, तोंड पुसलं. ओरडले नाहीत. ओरडले असते तर बरं झालं असतं. "सकाळी तपासली कोणी?" त्यांनी विचारलं.

मी दारात उभी होते. ताई माझ्या शेजारी होती, तिचा खांदा माझ्या खांद्याला लागत होता. बाबांनी माझ्याकडे बघितलं नाही.

"मी," ते म्हणाले.

"आधी?"

"आधी आणि नंतर. दोन्ही वेळा मीच."

"आणि तुम्हाला ही कळली नाही?"

"नाही कळली. चुकलं माझं."

काकांनी भिंतीवरची चौकट काढायला सांगितली. बाबांनी ती स्वतः उतरवून त्यांच्या हातात दिली. दिवस मावळून शब्बाथ लागायच्या आत आईनं मातीची सगळी भांडी अंगणात नेऊन फोडली, तांब्यापितळेची मोठ्या पातेल्यात उकळायला टाकली, आणि संध्याकाळी आम्ही केळीच्या पानावर वरणभात खाल्ला. रविवारी पाहुणे गेले. पंधरा दिवसांनी पत्र आलं. फार सभ्य पत्र होतं. ज्या घरात धारेकडे असं दुर्लक्ष होतं त्या घरातली मुलगी आणायला काकूंचं मन घेत नाही, एवढंच त्यात होतं.

पाहुणे गेले त्याच दिवशी उन्हं कलल्यावर बाबा अंगणात खापऱ्या गोळा करत होते. मी त्यांच्याजवळ जाऊन बसले. मग मी म्हटलं, "बाबा, त्या दिवशी सुरी..."

"माहीत आहे," ते म्हणाले.

मी हातातली खापरी खाली ठेवली.

"रहीमनं विचारलं ना, पोरगी पांढरी का पडली, तेव्हाच मला कळलं की काहीतरी आहे. दर वेळी मी तुझ्या तोंडाकडे बघून विचारतो. त्या दिवशी बोकडाकडे बघून विचारलं. पाव्हणे घरात होते, मला हो ऐकायचं होतं." एक खापरी त्यांच्या बोटाला लागून रक्त आलं होतं, त्यांना ते समजलं नव्हतं. मी माझ्या परकराच्या टोकानं ते बांधलं. "तू काय केलंस ते मी विचारत नाही," ते म्हणाले. "मी काय केलं ते मला ठाऊक आहे. आता हे कुणाला सांगू नकोस. सांगितलंस तर माझ्या बोटांचं सांगावं लागेल. ताईलासुद्धा नाही. तिच्या पोटात काही राहत नाही."

मला किती सुटल्यासारखं वाटलं, ते मी आजवर कुणालाही सांगितलेलं नाही. ही माझ्या कबुलीतली सगळ्यात वाईट गोष्ट आहे. बाबांची आज्ञा म्हणून मी गप्प राहिले, असं मी स्वतःला सांगत आले. पण मुंबईच्या त्या डॉक्टरनं साखरेचा रोग सांगितला, त्या दिवशी ती आज्ञा संपली होती. लपवण्यासारखं काही उरलं नव्हतं. त्या दिवशीही मी बोलले नाही. ताईचं लग्न तोवर एका बिजवराशी झालं होतं. त्याला आधीची दोन मुलं होती. ती माहेरी आली की बाबांच्या खोलीत जात नसे. आईला म्हणे, "त्यांना सांग, एक धार नीट बघायला किती वेळ लागला असता? तेवढ्यासाठी माझं आयुष्य गेलं." दार उघडं असे. बाबा आतून ऐकत, आणि माझ्याकडे बघतसुद्धा नसत. बिजवराबरोबर ती इस्राएलला गेली. निघताना बाबांच्या पाया पडली, पण बोलली नाही. ते वारले तेव्हा तिची तार आली, ती आईच्या नावावर.

रिबकाताई, तुला मराठी पुस्तकं तिथे अजून येतात, तू त्यांची वाट बघतेस, असं तुझ्या मुलीनं कळवलं आहे. म्हणून हे माझ्या पुस्तकात घालण्याआधी वेगळं लिहून तुला पाठवते आहे. पत्रात लिहायला अनेकदा बसले, दर वेळी तुझ्या तब्येतीची चौकशी लिहून कागद संपवला. त्या शुक्रवारी तू माझ्या शेजारी दारात उभी होतीस आणि बाबा म्हणाले, मी तपासली. ते खोटं बोलले. बाबांच्या बोटांना काही कळत नव्हतं, त्याच्या आधी अडीच वर्षांपासून. सुरी मी तपासली होती. खाच मी पाडली होती, ती मला लागली होती, आणि मी दोनदा काशेर म्हणाले. बाबांनी तुझ्याकडे दुर्लक्ष केलं नाही, ताई. एवढं वाचून झाल्यावर तू मला उत्तर पाठवलं नाहीस तरी चालेल. त्यांच्या नावानं एकदा दिवा लाव.